दुसरी पंगत

मिरजेच्या कृष्णाकाठ कर्करोग संस्थेत तिसऱ्या मजल्यावर एक लहानशी प्रयोगशाळा होती. दारावर 'क्षुधा संशोधन विभाग' अशी भारदस्त पाटी होती, पण सफाई कामगारांपासून संचालकांपर्यंत सगळे तिला भूकखोलीच म्हणत. त्या भूकखोलीत सकाळी अकरा वाजता दोन डॉक्टर एका पडद्याकडे बघत बसले होते आणि दोघंही वैतागले होते.

पडद्यावर कालच्या जेवणाच्या वेळच्या दोन रेघा सरकत होत्या. लाल रेघ हणमंत यमगर यांच्या भुकेची. ती छपराला टेकली होती. निळी रेघ त्यांच्या पत्नी मंगल यांच्या भुकेची. ती जमिनीवर निजली होती.

"एकोणचाळीस किलो," डॉ. फरीद मुजावर म्हणाले. मंगलबाईंवरचे कर्करोगाचे उपचार त्यांच्याकडे होते. "गाठी निम्म्याहून जास्त विरघळल्यात. अजून दोन डोस गेले की ही बाई बरी होईल, लिहून देतो. पण वजन चाळीसच्या खाली असताना पाचवा डोस दिला तर शरीराला झेपायचा नाही. आणि डोस लांबला तर गाठी पुन्हा डोकं वर काढतील. डोस येता सोडून पुढच्या मंगळवारी आहे. बारा दिवस राहिले."

भूकखोली चालवणाऱ्या डॉ. तनुजा खैरमोडे उपचारांची नोंदवही चाळत होत्या. सगळे उपाय करून झाले होते. मळमळीचं औषध लागू पडलं होतं, तोंडातले फोड भरून आले होते. स्टीलच्या चमच्याची कडवट चव लागते म्हणून लाकडी चमचा आणला होता, गरम अन्नाचा वास सोसत नाही म्हणून दहीभात गार करून देत होते, आणि तोही दर दोन तासांनी चारच घास. नाकातून नळी घातली तर दोन्ही वेळा जंतुसंसर्ग झाला. आता बाईंना उलटी होत नव्हती, तोंड दुखत नव्हतं. फक्त भूक नव्हती, आणि भूक नसलेल्या माणसाला घास गिळायला लावणं किती अवघड असतं, ते ज्याने केलंय त्यालाच कळतं.

"तुझा भूकपट्टा मला पुन्हा एकदा समजावून सांग," मुजावर म्हणाले. "दुसरीतल्या पोराला सांगतात तसं."

"भूक पोटात लागते असं आपण म्हणतो, पण ती लागते मेंदूत. पोटाचा निरोप वेगस मज्जातंतूवरून वर जातो. तुमच्या औषधांनी मंगलबाईंचा निरोप्याच आजारी पडलाय. म्हणून मी दुसऱ्याचा निरोप उसना आणते. हणमंतरावांच्या मानेवरचा पट्टा त्यांची भूक टिपतो आणि मंगलबाईंच्या मानेवरचा पट्टा तीच भूक, त्याच क्षणी, त्यांच्या मज्जातंतूवर उमटवतो."

"मग नवराच कशाला? मी आहे की. मला सकाळपासून लागलीय."

"तुमची चालणार नाही. प्रत्येकाच्या भुकेची एक लय असते, आवाजासारखी. मेंदू ती ओळखतो आणि अनोळखी लय फेकून देतो. म्हणून वर्षानुवर्षं एका चुलीवरचं, एकत्र जेवलेलं माणूस लागतं. हे तर एक्केचाळीस वर्षांचे नवराबायको. याहून जुळलेली जोडी कुठून आणू? अकरा रुग्णांना पट्टा लावला, अकराच्या अकरा जेवले."

"आणि ही बारावी?"

"ही बारावी का जेवत नाही, ते मला शोधायचंय," तनुजा म्हणाल्या आणि पट्टे घेऊन खाली गेल्या.

हणमंतराव दाता म्हणून कुणालाही पसंत पडावेत असेच होते. बिसूरच्या तालमीचे ते वस्ताद. त्यांना जेवायला बोलवायचं तर आधी गिरणीवाल्याला कळवावं, अशी गावात थट्टा चाले. बायकोला आपली भूक देता येते हे कळल्या दिवसापासून त्यांनी कंबर कसली होती. सकाळी नाश्ता नाही, दुपारी तिचं ताट येईपर्यंत पाण्यावर. ती जेवली नाही तर आपणही जेवायचं नाही, असं त्यांनी ठरवून टाकलं होतं, आणि ती कधीच जेवत नव्हती. संध्याकाळी परिचारिका ओरडल्या की दोन केळी खायचे. नऊ दिवसांत शहाण्णव किलोंचा हा गडी अठ्ठ्याऐंशीवर आला होता.

साडेबाराला ताट आलं. तनुजांनी दोघांच्या मानेवर पट्टे बांधले. मंगलबाईंनी डोळे उघडले, उशीवर कोपर टेकून उठू लागल्या, आणि रोज विचारत तेच विचारलं.

"तुमी जेवलासा का?"

"जेवलो की. तू खा," हणमंतराव म्हणाले.

"खोटं बोलू नगासा. पोटात आग पडलीया तुमच्या." त्या पलंगाखाली पाय सोडायला बघत होत्या. त्यांची नजर ताटावर ठरतच नव्हती. लाकडी चमचा त्यांनी एकदा उचलला आणि नवऱ्याच्या बाजूला ठेवून दिला.

"मंगल, एक घास. माज्यासाठी."

"नको वाटतंय हो. खरंच नको वाटतंय."

तनुजांनी वहीत नोंदवलं: 'रुग्ण अस्वस्थ. अन्न नाकारले.' प्रश्न मात्र त्यांनी नोंदवला नाही. नवऱ्याला जेवलात का म्हणून विचारणं ही काय नोंदवायची गोष्ट आहे? त्यांची आईही विचारायची.

आणखी सहा दिवस गेले. वजन अडतीस किलो आठशे ग्रॅम झालं. मुजावर आता तनुजांना काही विचारेनासे झाले होते, आणि ते विचारण्यापेक्षा जास्त बोचत होतं. सातव्या दिवशी सकाळी तनुजा पट्टा बंद करण्याचा अर्ज लिहीत होत्या, तेव्हा हणमंतराव भूकखोलीच्या दारात येऊन उभे राहिले. एवढा दांडगा माणूस, पण कान लाल झालेले, मान खाली.

"डॉक्टर, माज्याकडनं चूक झालीया. गेल्या बेस्तरवारची."

"बसा आधी. काय झालं गुरुवारी?"

"दुपारी ती जेवली न्हाई. मला काय ऱ्हावलं न्हाई बघा. खाली कँटीनात गेलो आन् दोन मिसळी खाल्ल्या. आठ पाव. पट्टा गळ्यात हाय ह्ये ध्येनातच न्हाई. तिला द्यायची भूक मी चोरून मारली. म्हून तर ती जेवंना झालीया."

तनुजा धीर देणार होत्या, पण त्यांच्यातली शास्त्रज्ञ आधी जागी झाली. त्यांनी गुरुवारची नोंद पडद्यावर आणली. एक वाजून सतरा मिनिटांनी लाल रेघ छपरावरून धाडकन खाली आली होती. दोन मिसळी, आठ पाव. आणि एक वाजून सव्वीस मिनिटांनी नऊ दिवस निजलेली निळी रेघ उठून बसली होती. वॉर्डातल्या शेवंता सिस्टरचं त्या वेळचं टिपण होतं: 'रुग्णाने स्वतःहून अर्धी वाटी आंबील मागून घेतली.'

तनुजांनी दोन्ही रेघा एकमेकींवर ठेवून पाहिल्या. मग त्यांनी सावकाश विचारलं, "हणमंतराव, घरी आधी कोण जेवतं?"

"मी."

"मग?"

"मग पोरं. तालमीतलं कोण आसंल तर त्ये. मग ती." ते गोंधळून म्हणाले, "आमच्यात तसंच आसतंय की. आदी बाप्यांची पंगत."

"आणि त्या काय जेवतात? किती जेवतात?"

हणमंतरावांनी आठवून पाहिलं. लग्नातला घास आठवला, त्यानंतरचं काही आठवेना.

"मला ठावं न्हाई," ते म्हणाले. "मी हात धुऊन भाईर पडतो."

तनुजांनी मुजावरांना बोलावून घेतलं आणि अकरा जुन्या जोड्यांची यादी त्यांच्यापुढे टाकली. आठ जोड्यांत बायकोने नवऱ्याला भूक दिली होती. दोन जोड्या बहिणी-बहिणींच्या होत्या आणि एक वसतिगृहातल्या मैत्रिणींची. नवऱ्याने बायकोला भूक दिल्याची एकही जोडी नव्हती, कारण उपाशी राहायला तयार झालेला नवरा हणमंतरावांच्या रूपाने पहिल्यांदाच भेटला होता.

"मी एकत्र जेवलेली माणसं शोधली," तनुजा म्हणाल्या, "आणि एका घरात राहतात म्हणजे एकत्र जेवतात असं गृहीत धरलं. मूर्ख मी. मेंदू ओळखीची लय ओळखतो, बरोबर? मग ही भूक कुणाची, तेही तो ओळखतो. मंगलबाईंच्या मेंदूनं एक्केचाळीस वर्षं एकच धडा गिरवलाय. ह्यांना भूक लागली की आपण उठून वाढायचं. ह्यांचं पोट भरलं की मग आपल्या भुकेचं दार उघडायचं. आम्ही रोज त्यांना उपाशी नवरा पाठवत होतो. त्यांची स्वतःची भूक थोडी का होईना, शिल्लक होती. ती आपली पाळी यायची वाट बघत बसली होती."

मुजावर खुर्चीत मागे टेकले. "माझ्या अम्मीला जेवताना मी कधी पाहिलंय का," ते म्हणाले, "आठवतच नाही." मग ते उठले. "किती दिवस राहिलेत? पाच. चला, लागा कामाला."

त्या दुपारी मंगलबाईंना काहीच सांगितलं नाही. त्यांच्या मानेवर पट्टा बांधला, दार लावून घेतलं आणि शेवंता सिस्टरला शेजारी बसवलं. हणमंतरावांना वर भूकखोलीत बसवून त्यांच्यापुढे ताट मांडलं. चार भाकरी, पिठलं, ठेचा, कांदा. त्यांनी ताट मागे सरकवलं.

"ती खाली उपाशी हाय, आन् मी हितं जेवू?"

"उपाशी राहून तुम्ही प्रेम दाखवलंत, ते मी पाहिलं," तनुजा म्हणाल्या. "पण आज ते उपयोगाचं नाही. आज तुम्हाला पोट भरायचंय. खरं भरायचंय, पट्ट्याला फसवता येत नाही."

"आयुष्यात कुस्तीला भ्यालो न्हाई," हणमंतराव म्हणाले. "ह्या भाकरीचं भ्या वाटतंय बघा." आणि त्यांनी पहिला घास मोडला. पहिली भाकरी त्यांनी रडत खाल्ली. दुसरीला डोळे पुसले. तिसरीला ते वस्ताद झाले आणि डावावर नजर ठेवावी तसे लाल रेघेकडे बघत जेवू लागले. रेघ उतरत गेली. चौथी भाकरी संपली, ते तांब्याभर पाणी प्यायले आणि त्यांनी एक दणदणीत ढेकर दिली.

निळी रेघ हलली नाही. दोन मिनिटं. चार मिनिटं. मुजावरांनी चष्मा काढून पुसला. आठव्या मिनिटाला निळी रेघ थरथरली आणि वर चढू लागली, आणि तेवढ्यात फोन वाजला. शेवंता सिस्टर होती.

"डॉक्टर, बाई उठून बसल्यात. ताट मागतायत. म्हणतायत, 'झालं त्यांचं. आता मला वाढा.'"

हणमंतरावांनी दोन्ही हातांनी तोंड झाकलं.

मंगळवारी सकाळी मंगलबाईंचं वजन चाळीस किलो शंभर ग्रॅम भरलं. मुजावरांनी काटा दोनदा तपासला आणि पाचवा डोस सुरू केला.

त्या दिवशी हणमंतराव पुन्हा भूकखोलीत आले. आता त्यांची मान ताठ होती.

"म्हंजे तिनं जगायचं आसंल तर मी आदी जेवायचं. जन्मभर केलं त्येच."

"सध्या तरी तसंच," तनुजा म्हणाल्या. "एक्केचाळीस वर्षांची सवय आहे."

"सवय मोडायची कशी, त्ये मला शिकवू नगासा. पैलवानाची वाईट खोड एका दिसात मोडली की मान मोडती. रोज जरा वाकवायची." त्यांनी बोटं मोजली. "आज चार भाकरी खाऊन तिला दार उघडून दिलं. उद्या एक घास ठेवीन. परवा दोन. ती जेवाय बसली की मग माजं ऱ्हायलेलं खाईन. कळायचंबी न्हाई तिला."

तनुजांनी तोंडी गणित करून पाहिलं. मेंदूला शिकवता येतं ते उतरवताही येतं, फक्त घाई करून चालत नाही. "करा," त्या म्हणाल्या. "मी रोज रेघा बघत जाईन."

चार भाकरींचे घास झाले अठ्ठेचाळीस. दहाव्या दिवशी वस्तादांचं ताट दहा घास भरलेलं असताना मंगलबाई जेवायला लागल्या. विसाव्या दिवशी मध्येच निळी रेघ झोपली, तेव्हा ते न कुरकुरता पाच घास मागे आले आणि पुन्हा पुढे सरकले. सहावा डोस झाला. गाठी गेल्या. मंगलबाई बिसूरला परतल्या, पण दोघांचे पट्टे सुरूच राहिले आणि वस्ताद रोज एकेक घास मागे ठेवत राहिले. घरात दोन ताटं शेजारी मांडायची आणि स्वयंपाक हणमंतरावांनी करायचा, असा नियम झाला. तो मंगलबाईंना बिलकूल पसंत नव्हता.

तपासणीला म्हणून तनुजा एका दुपारी त्यांच्या घरी गेल्या. ताटं मांडली होती. हणमंतरावांनी आपल्या ताटाला हात लावला नव्हता. तनुजांनी हातातल्या पडद्याकडे पाहिलं. लाल रेघ छपराला टेकली होती, पहिल्या दिवसासारखी.

'तुमी जेवलासा का?' या प्रश्नाची तनुजा वाट बघत बसल्या. तो आला नाही. मंगलबाईंनी भाकरीचा तुकडा मोडला, पिठल्यात बुडवला आणि खाल्ला. दुसरा मोडला. निळी रेघ वर होती. नवरा शेजारी उपाशी बसला होता आणि त्या जेवत होत्या. तिसऱ्या घासाला त्यांनी तोंड वाकडं केलं.

"तुमच्या हातचं पिठलं लईच आळणी हाय," त्या म्हणाल्या. "बसलाय काय नुसतं? मीठ आणा."

आणि हणमंतराव उपाशीपोटी, धावत मीठ आणायला उठले.