पितळेवरची नावं

सरस्वतीपूजेच्या आदल्या दिवशी तुकोजीनं चिंच भिजत घातली. दरवर्षी घालायचा तशीच.

कुंभकोणमला कुंभेश्वराच्या देवळाजवळ भांड्यांची दुकानं आहेत, त्यांतलं एक त्याचं. आता दुकान कसलं, नुसता ओटा आणि मागे एक खोली. त्या ओट्यावर बसून त्यानं साठ वर्षं भांड्यांवर नावं घातली. लग्नाचे हंडे, बारशाच्या वाट्या, देवळाला वाहिलेल्या समया. छिन्नीवर हातोडीचा एक टोला म्हणजे एक ठिपका, आणि ठिपक्याला ठिपका लागून अक्षर. शेजारच्या प्रवीणकुमारनं विजेची लेखणी आणल्यापासून तुकोजीकडे गिऱ्हाईक फिरकेनासं झालं. त्याचं त्याला वाईट वाटत नसे. अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या माणसाला किती कामं हवीत?

एक काम मात्र त्यानं सोडलं नव्हतं. मागच्या खोलीत फळीवर पितळेचे एकोणीस लोटे ओळीनं मांडलेले होते, आणि ओळीच्या टोकाला विसावा, अगदी लहान, पोरांचा. सरस्वतीपूजेच्या आधी तो ते चिंचेनं घासायचा. घासून घासून अक्षरं झिजतात. म्हणून विजयादशमीच्या सकाळी, अवजारं पूजेतून उठली की, पहिलं काम या लोट्यांचं. प्रत्येक ठिपक्यावर पुन्हा टोला द्यायचा. प्रवीणकुमार हसून म्हणायचा, की ताताची, म्हणजे आजोबांची, विधानसभा भरली.

ते लोटे कृष्णमूर्ति मास्तरांनी घडवून घेतले होते.

तुकोजी बत्तीस वर्षांचा होईतो निरक्षर होता. गिऱ्हाईक चिठ्ठी द्यायचं, तो चिठ्ठीवरच्या रेघा बघून तशाच्या तशा पितळेवर उठवायचा. एकदा चिठ्ठी उलटी धरली आणि नवरीचं नाव हंड्यावर उलटं उठलं. वऱ्हाडी खवळले, सगळी गल्ली हसली. रस्त्यानं चाललेले मास्तर तेवढे हसले नाहीत. ते म्हणाले, "अक्षर सुंदर आहे रे तुझं. आता ते काय म्हणतं तेही ऐकून घे." त्या साली विजयादशमीला त्यांनी तांदळाच्या ताटात त्याचं बोट धरून पहिलं अक्षर काढवून घेतलं. नातवाला शिकवावं तसं. मास्तर त्याच्याहून जेमतेम सहा वर्षांनी मोठे.

मास्तर शाळा सुटली की सायकल काढून खेड्यांत जायचे. लाल बावट्याचा शेतमजुरांचा संघ त्यांनी चालवला होता. त्या काळी मजुराला मालकाच्या अंगणात पाणी ओंजळीत वरून ओतायचे. मास्तरांनी ठरवलं, संघाच्या बैठकीत प्रत्येकानं स्वतःच्या लोट्यातून कॉफी प्यायची, आणि लोट्यावर त्याचं नाव हवं. सुंदरपेरुमाळ कोयिलचा पक्किरी, चोळपुरमची अंजलै, नाचियारकोविलची वीराम्माळ, असे सतरा जण. अठरावा तुकोजी. मास्तरांनी स्वतःच्या लोट्यावर नाव सर्वांत शेवटी घालून घेतलं. संघाची वही कधीच नव्हती. पोलिसांच्या हाती लागेल असा कागद ठेवायचा नाही, हा मास्तरांचा नियम. बैठक झाली की लोटे तुकोजीच्या फळीवर यायचे. तीच वही.

पुढे तुकोजीला मुलगी झाली, शिवरंजनी. मास्तरांनी तिच्यासाठी विसावा लोटा आणला, तिचं नाव तुकोजीनं त्यावर घातलं.

ती माणसं एकेक करून गेली. मास्तर जाऊनही पंधरा वर्षं झाली. शिवरंजनी अमेरिकेत एका कॉलेजात गणित शिकवते. तिला सहाना नावाची सात वर्षांची मुलगी आहे.

त्या वर्षी उन्हाळ्यात तिच्या कॉलेजातल्या खाणावळीच्या कामगारांनी संप केला, आणि शिवरंजनी त्यांच्या बाजूला जाऊन उभी राहिली. एवढ्यावर थांबलं असतं. पण कोणीतरी तिचा एक जुना फोटो शोधून काढला. तिनंच पूर्वी कौतुकानं सगळ्यांना दाखवलेला. चार वर्षांची शिवरंजनी, कुंभकोणमच्या रस्त्यावर मे दिनाच्या मिरवणुकीत, मास्तरांच्या खांद्यावर. दोन्ही मुठींत मास्तरांचे केस. मागे लाल बावटे. फोटोखाली लिहिलं होतं, कम्युनिस्टाची पोर आपल्या पोरांना शिकवते. मग पत्रं आली, निनावी फोन आले. कॉलेजनं चौकशी लावली. तिचा नागरिकत्वाचा अर्ज अडकला.

"अप्पा, इथं हा शब्द अजून सापासारखा आहे," लोटे घासून झाले त्या संध्याकाळी ती फोनवर म्हणाली, घरातल्या मराठीत. "सत्तर वर्षं होऊन गेली, अर्जावर प्रश्न तोच. तुम्ही कधी त्यांच्यात होता कां, त्यांच्यातलं कोणी ओळखता कां."

ती राहते ते घर एका म्हाताऱ्या बाईचं. त्या बाईचे वडील शाळामास्तर. एकोणीसशे पन्नासच्या सुमारास त्यांना कम्युनिस्ट शोधणाऱ्या एका सरकारी समितीपुढं बोलावलं. मित्रांची नावं सांग, नोकरी ठेव. त्यांनी अकरा नावं सांगितली. नोकरी राहिली. त्यांच्या घरातले जुने फोटो शिवरंजनीनं पाहिले होते. सहलीचे, वाढदिवसाचे. त्यांत माणसं एकमेकांपासून अंतर सोडून उभी. मधे दोन माणसांची जागा, आणि तिथं कोणी नाही. एका फोटोत तर एका माणसानं हात शेजारच्याच्या खांद्यावर टाकावा तसा हवेत टाकलेला. शिवरंजनी हे सांगून जराशी हसली. त्या काळी फोटो काढायची पद्धतच तशी असेल, म्हणाली.

मग मुद्द्यावर आली. चौकशीवाल्यांचे वकील तुकोजीला फोन करणार होते, तमिळ बोलणारा दुभाषी घेऊन. फोटोतली माणसं कोण, संघ कसला, ते विचारणार होते.

"तुम्हास कोणीही विचारो, मज ठाऊक नाही एवढंच म्हणा."

"मास्तरांनाही ठाऊक नाही म्हणू?"

"अप्पा, आम्हास जा म्हणाले तर सहानास घेऊन मी कुठं जाऊ? तिचा बाप वेगळा राहतो. तो तिला इकडे येऊ देणार नाही. पोर माझ्या हातची जाईल."

तुकोजीनं रात्रभर विचार केला असं नाही. विचार करण्यासारखं काही नव्हतंच. एका बाजूला जिवंत पोर, दुसऱ्या बाजूला मेलेली माणसं. मेलेल्याचं काय जातं?

पूजेच्या दिवशी सकाळी त्यानं छिन्न्या आणि हातोडी पाटावर मांडली, चंदन लावलं, कुंकू लावलं, चुरमुरे आणि गूळ ठेवला. मास्तरांनी दिलेलं पहिलीचं पुस्तकही तिथंच ठेवलं. या दिवशी अवजाराला हात लावायचा नाही, वाचायचं नाही, लिहायचं नाही. उद्या सकाळपर्यंत सगळी विद्या देवीच्या ताब्यात. जेवून तो चटईवर टेकला. दोन वाजले होते. गल्ली उन्हानं गप्प झाली होती.

फोन वाजला.

"तुकोजी आहांत कां? मज थोडं विचारायचं आहे."

आवाज बाईचा की पुरुषाचा, नीट कळेना. मऊ होता, थोडा दमलेला, कचेरीतल्या माणसाचा असतो तसा. पण भाषा तमिळ नव्हती. घरातली मराठी होती, तंजावरकडची, तुकोजीची आई बोलायची तशी. तुकोजीला बरं वाटलं. शिवरंजनीनं आपल्यातलंच कोणी गाठलं असेल.

"विचारा," तो म्हणाला.

"पक्किरी, सुंदरपेरुमाळ कोयिल. ठाऊक आहे कां?"

"मज ठाऊक नाही."

पलीकडे टिक् असा आवाज झाला. यंत्रावर लिहीत असतील.

"अंजलै, चोळपुरम्."

"ठाऊक नाही."

टिक्.

"वीराम्माळ, नाचियारकोविल्."

"नाही."

टिक्. आवाज ओळखीचा होता. छिन्नीवर हलका टोला पडला की होतो तसा.

सातव्या-आठव्या नावाला तुकोजी उठून बसला. ही नावं कुठल्या कागदावर नव्हती. शिवरंजनीलाही सगळी माहीत नव्हती. आणि आवाज ती ओळीनं घेत होता, फळीवर होती त्याच ओळीनं, गावासकट. कुठून मिळाली, असं विचारायला त्यानं तोंड उघडलं. तेवढ्यात सहाना आठवली. त्यानं तोंड मिटलं.

सतरा झाली.

"तुम्ही स्वतः त्यांच्यात होता कां?"

"नव्हतो."

टिक्.

"कृष्णमूर्ति."

तुकोजीच्या बोटाला तांदूळ आठवले. ताटातले कोरडे तांदूळ, आणि त्याच्या बोटावर धरलेलं दुसरं बोट.

आवाजानं घाई केली नाही.

"मज ठाऊक नाही," तुकोजी म्हणाला.

टिक्.

"बरं झालं. आता एकच राहिलं आहे. लहान आहे. ते मागून विचारू."

फोन बंद झाला.

तो उठला आणि फळीपाशी गेला. लोटे चकचकीत होते, काल घासलेले. त्यानं पहिला उचलला, खिडकीजवळ नेला, उजेडात फिरवला. पोटावर एक ठिपका नव्हता. झिजलेलं पितळ बोटाला कळतं. हे झिजलेलं नव्हतं. हे कधी छिन्नी न लागलेलं पितळ होतं.

एकोणीसच्या एकोणीस.

टोकाचा लहान लोटा त्यानं मुठीत धरला. त्यावरचे ठिपके तळहाताला टोचले. ते होते.

पाटावर छिन्न्या चंदन लावून पडल्या होत्या. आज हात लावता येत नव्हता.

संध्याकाळी प्रवीणकुमार प्रसाद घेऊन आला. फळीकडे बघून म्हणाला, "ताता, इतके कोरे लोटे कधी आणलेस? विकायचे असतील तर मला सांग." तुकोजीनं विचारलं, विधानसभा विसरलास काय? कसली विधानसभा, असं विचारून तो खरोखरच वाट बघत राहिला.

विजयादशमीला उजाडताच तुकोजीनं छिन्नी घेतली. समोरच्या दुकानांच्या पाट्या धूसर दिसत होत्या, नुसत्या रेघा, पूर्वी चिठ्ठ्यांवर असायच्या तशा. चष्मा पुसला तरी तशाच. असू दे, या अक्षरांना डोळे लागत नाहीत, हात ओळखतो. पहिला लोटा मांडीत धरून त्यानं टोला दिला. पितळ वाजलं. ठिपका उठला नाही. जोरानं दिला. पाण्यात काडी टोचून काढावी तसं पितळ मिटलं. दुपारपर्यंत तो टोले देत राहिला. मग मास्तरांचं नाव मोठ्यानं म्हणावं म्हणून त्यानं तोंड उघडलं. नाव जिभेच्या टोकाशी आलं, आणि तिथं काही नव्हतं.

सहा वाजता शिवरंजनीचा फोन आला. आवाजावरूनच कळलं, सुटली.

"अप्पा, संपलं सगळं. चौकशीवाल्यांनी आज सकाळीच फोटो नीट पाहिला आणि हसले. खोटा फोटो आहे म्हणाले, कोणीतरी कात्री चालवून बनवलेला. तुमच्या जबानीची गरजच नाही."

"काल मी दिली की."

"काल? वकिलांनी फोन केलाच नाही, अप्पा. काल इथं रविवार."

"दोन वाजता आला होता."

"तुमच्या दोनला इथं पहाटेचे साडेचार. फोटो पाठवला आहे, बघा. मीही आज कितीतरी दिवसांनी नीट पाहिला. तेव्हा मज कोणी उचललं होतं?"

तुकोजीनं फोटो उघडला. कुंभकोणमचा रस्ता, भर उन्हाचा, मोकळा. बावटे नाहीत, माणूस नाही. मधोमध चार वर्षांची पोर, पुरुषभर उंचीवर, पाय दुमडून हवेत बसलेली, खळखळून हसणारी. दोन्ही मुठी कशाला तरी घट्ट धरून.

"अप्पा? ऐकताय ना?"

ऐकतोय म्हणाला. सहाना शाळेत गेली का, तेही विचारलं. ती बरंच बोलली, हसली, आणि मग तिला वर्गावर जायचं होतं.

दिवेलागणीला तो लहान लोटा घेऊन ओट्यावर बसला. आज याच्या ठिपक्यांना टोले द्यायचे राहिले होते. हा छिन्नी घेईल. त्यानं लोटा उजेडाकडे वळवला.

फोन वाजला. नंबरावर नाव नव्हतं. तो न उचलताच मांडीवरून आवाज आला, मऊ, दमलेला.

"एक राहिलं होतं. या लोट्यावर कोणाचं नाव आहे, ते वाचा; आठवून सांगू नका. वाचता आलं तर आम्ही जातों."

तुकोजीनं लोटा डोळ्यांजवळ नेला. ठिपके सगळे जागच्या जागी होते, रेखीव, त्याच्याच हातचे. कोणी सांगितलं असतं तर त्यानं ते दुसऱ्या पितळेवर जसेच्या तसे उठवून दिले असते. त्यानं लोटा फिरवून पाहिला, मग उलटा धरला, मग पुन्हा सुलटा. सुलटा कोणता, तेही त्याला कळेना.

पलीकडे आवाज वाट बघत होता.