एन्टर म्हणजे नाही

माझी फ्लॉपी लिडिया टीचरच्या क्लासमध्ये राहिली होती, म्हणून मी शनिवारी दुपारी उमेळ्याला गेले. क्लास म्हणजे त्यांच्या घराची पुढची खोली. तीन कॉम्प्युटर, एक पंखा आणि भिंतीवर ज्युलियसचा फोटो. ज्युलियस त्यांचा मुलगा. गेल्या वर्षी हौसेनं मामाच्या बोटीवर गेला. पाचूबंदरहून निघालेली ती बोट परत आली नाही आणि कुणी सापडलंही नाही. फोटोला टीचर हार घालू देत नाहीत.

जाण्याआधी त्यानं क्लाससाठी एक फाइल लिहिली होती. आम्ही तिला ज्युलियसची डीएलएल म्हणायचो. ती आपल्या प्रोग्रॅमला जोडली की पडद्यावर छोटी चौकट उघडायची. रोमन अक्षरांत मराठी प्रश्न आणि खाली दोन बटणं, ‘हो’ आणि ‘नाही’. नुसतं एन्टर मारलं तर उत्तर ‘नाही’ धरलं जायचं.

“लोक वाचत नाहीत गं,” टीचर सांगायच्या. “चुकून कुणाचं काही पुसलं जाऊ नये, म्हणून त्यानं तसं ठेवलंय.”

क्लासमधला डेरिक शेजारच्या मशीनवर गेम खेळत होता. मी माझा प्रोग्रॅम चालवून पाहिला. बंद करताना चौकट आली आणि मी ती वाचू लागले.

“एन्टर मार ना, प्रोफेसरीणबाई!” डेरिक म्हणाला. “चौकट वाचणारी तू वसईतली पहिलीच.” आणि हात लांबवून त्यानंच एन्टर दाबलं.

पण माझं वाचून झालं होतं. मी प्रश्न लिहिला होता, ‘बंद करू का?’ चौकटीत होतं, ‘आत येऊ का?’

“ते होय? ते रोजच येतं,” तो म्हणाला. “पावसाळ्यापासून. सगळ्यांच्या मशीनवर.”

“मग तुम्ही काय करता?”

“काय करणार? एन्टर.”

तो सायकल घेऊन गेला. मी माझा प्रोग्रॅम ओळ न् ओळ तपासला. तो प्रश्न कुठेच नव्हता. पुन्हा चालवला, तर पुन्हा तेच.

टीचर स्वयंपाकघरात बोंबील साफ करत होत्या. मला पटकन बोलता येत नाही. दारात उभी राहून म्हटलं, “टीचर... जरा बघता का?”

त्यांनी ओल्या हातांनीच येऊन वाचलं.

“हे रोज येतं?”

“हो... सगळ्यांना.”

“आणि तुम्ही सगळे...” त्यांनी ज्युलियसच्या फोटोकडे पाहिलं. मग हळू म्हणाल्या, “खेळून आला की पाय चिखलानं भरलेले असायचे. दारातूनच विचारायचा, ‘मम्मी, आत येऊ का?’”

त्यांनी माऊस धरला आणि ‘हो’ दाबलं. मग जाऊन पुढच्या दाराची कडी काढली, दार सताड उघडलं. बाहेर चिकूचं झाड आणि ऊन. त्या माझ्या शेजारी येऊन बसल्या.

दुसरी चौकट उघडली. ‘माझ्याबरोबर खूप जण आहेत. सगळे येऊ का?’

खाली एकच बटण होतं. ‘हो’.

“टीचर... हे कोण?”

“बोटीवरचे असतील.”

“बोटीवर खूप जण होते?”

टीचर पडद्याकडेच बघत होत्या. “नाही गं... चौघंच होते.”

मी उठून मेन स्विच पाडला. पंखा मंदावत थांबला. बाजूचे दोन्ही पडदे काळे झाले. चौकट होती तिथेच राहिली, उजेडासकट.

मी टीचरचे दोन्ही हात घट्ट धरले. त्यांना बोंबलाचा वास होता. ते सुटू पाहत होते की नाही, मला सांगता येणार नाही. मी सोडले नाहीत.

आमच्यासमोर पडद्यावरचं ‘हो’ आत दाबलं गेलं, कुणीतरी बोट टेकवल्यासारखं.