आठ वाजून बावीस मिनिटं

त्या दोघांची पहिली भेट बरोबर साठ इंचांवरून झाली. शिंप्याचा टेपच तेवढा असतो. त्याचं एक टोक शिंप्याच्या गळ्यात होतं, दुसरं एका पिल्लाच्या तोंडात, आणि ते पिल्लू घड्याळवालीच्या दुकानात तिच्या टेबलाखाली घुसलं होतं.

टेबलावर एक मनगटी घड्याळ पोट उघडून पडलं होतं. घड्याळवालीच्या उजव्या डोळ्याला भिंग, हातात चिमटा, आणि श्वास पूर्ण रोखलेला. या धंद्यात उसासा टाकला तरी एखादा स्क्रू पुढच्या गल्लीत सापडतो. अशा वेळी दारातून एक उंच माणूस कमरेत वाकून आत आला आणि थेट तिच्या पायांपाशी उकिडवा बसला.

“माफ करा हं… टेप जरा…”

तिने भिंग न काढताच खाली पाहिलं. भिंगातून माणूस दहापट दिसतो. दहापट पापण्या, दहापट ओशाळलेलं हसू. घड्याळवालीने घाईने भिंग काढलं. तरी तो माणूस म्हणावा तितका लहान झाला नाही.

“तुमचं पिल्लू सांभाळा की जरा!” ती म्हणाली.

“माझं?” शिंपी खालूनच म्हणाला. “मला वाटलं तुमचं! दोन दिवस मी त्याला बिस्किटं घालतोय. म्हटलं, नवी शेजारीण… तक्रार कशाला करा.”

“अहो, मीसुद्धा दोन दिवस बिस्किटंच घालतेय! म्हटलं, नवे शेजारी… उपाशी ठेवतात वाटतं कुत्र्याला.”

दोघांनी पिल्लाकडे पाहिलं. दोन घरची बिस्किटं खाऊन गोल झालेलं ते पिल्लू टेप चघळत शेपूट हलवत होतं, डावीकडून उजवीकडे, उजवीकडून डावीकडे, एका लयीत.

“लोलक,” घड्याळवाली नकळत म्हणाली.

“बॉबिन,” शिंपी म्हणाला. “बघा ना, दोरा गुंडाळल्यासारखं गोल आहे.”

नावाचा निकाल लागण्याआधी जिन्यावरून चपला वाजल्या. ही घड्याळवालीची आत्या. खालची दोन्ही दुकानं, मागच्या दोन्ही खोल्या आणि वरचा मजला तिचाच. स्वभावाने लोण्यासारखी, पण झोपमोड झाली की त्याच लोण्याचा दगड व्हायचा.

“दोन रात्री झाल्या,” आत्या दारातूनच म्हणाली. “पिल्लू आहे की भोंगा? काल रडायला लागलं तर माझ्या कपाटातले कप हलले. कुणाचं आहे हे?”

“यांचं,” दोघं एकदम म्हणाले, एकमेकांकडे बोट दाखवून.

“म्हणजे कुणाचंच नाही. ठीक. रविवारी अंडीवाला येतो, त्याच्या मळ्यावर पाठवून देऊ. तिथे काय रडायचं ते रडू दे.”

“नाही!” हेही दोघं एकदमच म्हणाले.

आत्याने चष्मा नाकावर चढवून आधी भाचीकडे पाहिलं, मग शिंप्याकडे. “असं? मग ऐका. आज गुरुवार. आजपासून तीन रात्री देते. तिसऱ्या रात्री तरी मला आवाज न होता झोप लागली पाहिजे. नाहीतर रविवारी टोपलीत अंड्यांच्या जागी हे. कळलं, मास्तर?”

मास्तरांनी मान डोलावली. आत्या गेली. पिल्लाने टेपचे पहिले दोन इंच गिळले.

त्यानंतरचा अर्धा तास घड्याळवालीने कागद आखण्यात घालवला. तिचं म्हणणं साधं होतं… जगात जे जे बिघडतं ते वेळ चुकल्यामुळे. पिल्लू रडतं, कारण त्याला जेवायची वेळ माहीत नाही, झोपायची वेळ माहीत नाही. आपण सांगायची.

“सहा वाजून सात मिनिटं, जेवण,” तिने वाचून दाखवलं. “मऊ भात आणि उकडलेलं अंडं कुस्करून. दूध नाही, पोट बिघडतं.”

“आणि ही सात मिनिटं कशाला?”

“भात निवायला. सहा चाळीसला फिरणं. ते तुमच्याकडे. सव्वासातला दमवायचा खेळ. सात पन्नासला दोन घास, उपाशी पोटी झोप येत नाही म्हणून. आठला पुन्हा बाहेर नेऊन आणायचं. आठ दहाला अंथरूण. आठ वाजून बावीस मिनिटांनी झोप.”

“आणि आठ तेवीसला?”

“आठ तेवीसला काय?”

“नाही… पिल्लाचं झालं. माणसांनी काय करायचं?”

“माणसांनी आपापल्या घरी जायचं,” ती म्हणाली. पण कागदावर वाकून म्हणाली, कारण कान लाल झालेले घड्याळवालीला स्वतःला कळत होते.

“मागे आपल्या खोल्यांमध्ये नुसतं लाकडी फळ्यांचं पार्टिशन आहे, घड्याळबाई,” शिंपी उठता उठता म्हणाला. “आपापलं घर म्हणजे चार बोटं लांब.”

पहिल्या रात्री सगळं मिनिटाला मिनिट झालं. भात निवला. शिंपी पिल्लाला फिरवून आणताना असा धापा टाकत आला की त्याला कुणी फिरवून आणलं ते कळेना. आठ दहाला अंथरूण घातलं. आठ बावीसला पिल्लू उठून बसलं, नाक वर केलं आणि असं रडलं की दुकानातली बंद पडलेली दोन घड्याळं चालू झाली. एकदा डोळा लागला की ते तोफेलाही उठायचं नाही. पण तो लागता लागता साडेअकरा झाले.

दुसऱ्या दिवशी घड्याळवालीने हुकमी उपाय काढला. पिल्लाला आईच्या छातीची धडधड हवी असते. म्हणून टॉवेलात गुंडाळून एक टिकटिकतं घड्याळ अंथरुणात ठेवायचं. शिंपी पार्टिशनच्या पलीकडून म्हणाला, “वा! ही अक्कल घड्याळवालीलाच सुचणार.” ती खूश झाली. घड्याळ ठेवलं. पिल्लू टॉवेलाला बिलगलं, जांभई दिली, एक डोळा मिटला, दुसरा मिटू लागला… आणि घड्याळाचा गजर झाला.

शेकडो गजर दुरुस्त केलेल्या बाईने गजराची कळ खाली करायची विसरावी! गजर पिल्लाने ऐकला, आत्याने ऐकला, आणि मग पिल्लाने जे ऐकवलं ते तर दोन चौक ओलांडून गेलं.

“उरला उद्याचा एक दिवस,” जिन्यातून आवाज आला. एवढंच. आत्या ओरडली असती तर बरं वाटलं असतं.

शनिवारी संध्याकाळी घड्याळवालीने भात केला, कुस्करला, पिल्लासमोर ठेवला. पिल्लाने ताटलीसकट जमीन चाटून साफ केली आणि कृतज्ञतेने तिच्या पायावर हनुवटी टेकली. तिला भरून आलं. उद्या या वेळेला पायावर काही नसेल. टेबलाखाली काही नसेल. दारातून वाकून कुणी येणारही नाही… हा शेवटचा विचार कुठून आला, म्हणून ती स्वतःवरच चिडली.

आठ दहाला तिने अंथरूण घातलं. दिवा मंद केला. पिल्लाच्या पाठीवर हात ठेवून बसली आणि भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहायची हिंमत होईना म्हणून डोळे मिटून घेतले. पलीकडे शिंप्याचं मशीन सुरू झालं होतं. आज उशिरापर्यंत काम दिसतं, तिला वाटलं. खर्र… खर्र… खर्र… फळ्यांतून ते जमिनीत यायचं, जमिनीतून अंथरुणात.

हाताखालचं पोट वर झालं. खाली झालं. पुन्हा वर… सावकाश.

तिने डोळे उघडले. पिल्लू चारी पाय पसरून झोपलं होतं, जीभ टोकापुरती बाहेर. घड्याळात आठ बावीस.

ती हलली नाही. अर्धा तास हलली नाही. पाय बधिर झाला, तरी हलली नाही. वरून आत्याचं घोरणं आलं आणि मग मात्र तिच्या छातीतून असा मोठा सुस्कारा सुटला की टेबलावर कुणाचं घड्याळ उघडं असतं तर त्याचे स्क्रू परत गोळा व्हायला आठवडा लागला असता. मग ती अगदी हळू आवाजात काहीतरी गुणगुणली. शब्द नव्हते त्याला. नुसती सुटका होती. पलीकडचं मशीनही तेव्हाच थांबलं.

रविवारी अंडीवाला रिकामी टोपली घेऊन परत गेला. आत्या म्हणाली, “राहू दे. माणसात आलंय ते.” आणि घड्याळवालीने शिंप्याला कागद नाचवून दाखवला. “आठ बावीस! मिनिटाला मिनिट! म्हटलं नव्हतं?”

“म्हटलं होतंत,” शिंपी हसून म्हणाला. “वेळापत्रक पक्कं आहे तुमचं.”

असे नऊ दिवस गेले. पिल्लू ‘लोलक’ म्हटलं की यायचं, ‘बॉबिन’ म्हटलं की यायचं, आणि ‘अंडं’ म्हटलं की उडत यायचं. फिरायला आता तिघं जात. आणि रोज आठ बावीसला झोप, त्यानंतर तिचं गुणगुणणं.

दहाव्या दिवशी मात्र तिच्या कानाला काहीतरी खटकलं. घड्याळवालीचा कान तो. शंभर घड्याळांतलं एक अर्धा ठोका चुकलं तरी त्याला कळतं. मशीन चाललं होतं. खर्र… खर्र… पण कापडात सुई शिरताना जो दबका ‘ठक’ येतो, तो कुठे होता? नीट ऐकलं. आवाज कोरडा, हलका. मशीन रिकामं चाललं होतं.

झोपलेल्या पिल्लावरून पाय टाकून ती बाहेर पडली आणि शेजारच्या दुकानात शिरली.

शिंपी पायडल मारत होता. मशीनवर कापड नव्हतं, सुईत दोरा नव्हता. एका हातात अर्धवट खाल्लेला पाव होता.

“हे काय शिवताय?”

पाव हवेतच राहिला. पाय थांबले. “ते… मशीनला जरा तेल…”

“दहा दिवस?”

शिंप्याने खडूचा तुकडा उचलला, ठेवला. “पहिल्यांदा आलं तेव्हा पिल्लू माझ्या मशीनखाली कात्रणांच्या खोक्यात झोपायचं, दुपारी. मशीन चालू असलं तरच. दुसऱ्या रात्री तो गजर झाला ना, तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला, की याला टिकटिक नको, ही खर्र-खर्र हवी.”

“आणि मला सांगितलं नाहीत! मी आपली कागद नाचवत फिरतेय!”

“तेवढ्यासाठीच नाही सांगितलं,” तो म्हणाला. “इतक्या खुशीत नाचवत होतात. आणि…”

“आणि काय?”

“पिल्लू झोपलं की तुम्ही गुणगुणता. तेव्हा मी मशीन थांबवतो. ते ऐकून मग जेवतो… आज भूक आधी लागली.”

घड्याळवालीला बोलायचं होतं बरंच काही. रागाचं होतं, पण राग सापडेना. कुठल्या गल्लीत गेला कोण जाणे. मशीन थांबलेलं, त्यामुळे तिच्या मनगटावरचं घड्याळ दोघांनाही ऐकू येत होतं.

तेवढ्यात वरून काठी आपटली.

“अगं ए! मशीन का बंद पडलं ते? आत्ता कुठे डोळा लागत होता माझा! दहा दिवसांत सवय लावलीत आणि आता… मास्तर, चालू करा बघू!”

घड्याळवालीला हसू आवरेना. शिंप्यालाही. तोंडावर पदराऐवजी हाताला लागलेलं कात्रण दाबून ती खाली स्टुलावर बसली, आणि शिंप्याने घाईघाईने पाय पायडलवर ठेवला. खर्र… खर्र… खर्र…

वर घोरणं सुरू झालं.

“थांबा,” ती कुजबुजली. गळ्यात अडकवलेलं भिंग डोळ्याला लावलं, रिळाचा दोरा ओढला आणि एका झटक्यात सुईत ओवला. “रोज चालवायचंच आहे, तर रिकामं कशाला चालवता? त्याला एक गादी शिवा. पार्टिशनच्या दोन फळ्या काढल्या की मधोमध बसेल अशी.”

“फळ्या काढायच्या?” शिंप्याचा पाय चुकला. “मग आपापलं घर…”

तिने कमरेला खोचलेला वेळापत्रकाचा कागद काढला, मशीनवर पसरला आणि त्याच्याच खडूने आठ बावीसच्या खाली एक ओळ लिहिली. भिंग अजून डोळ्यालाच होतं. त्यातून तिने वर पाहिलं, आणि या वेळी ते काढायची घाई केली नाही.

शिंप्याने ओळ वाचली. एकदा… मग पुन्हा एकदा.

‘आठ वाजून तेवीस मिनिटं — माणसांचं जेवण. दोघांचं. एकाच घरी.’