शेवटच्या रांगेतली जागा

हे खरं आहे. पटलं तर ठीक, नाही पटलं तर सोडून द्या.

मी भुताखेतांच्या नादी लागणारा माणूस नाही. चिखलीत माझं मोटारी-पंखे रिवाइंडिंगचं दुकान आहे. करंट दिसत नाही तरी झटका देतो, न दिसणाऱ्या गोष्टींचं माझं ज्ञान एवढंच.

पण २४ जानेवारी २०२३, मंगळवार, संध्याकाळी पाच वाजता माझ्या मामांच्या बाबतीत जे घडलं, ते काही डोक्यातून जात नाही.

मामा म्हणजे जानराव सर. एकतीस वर्षं चिखलीतल्या एका शाळेत संगीत शिक्षक. समूहगान म्हणजे त्यांचा जीव की प्राण. चाळीस पोरं उभी करायची, पेटीवर सूर द्यायचा, हात वर केला की चाळीस गळ्यांतून एकच आवाज निघाला पाहिजे. बुलढाण्याच्या स्पर्धेतून सात वेळा ढाल आणली. कानाचे इतके पक्के, की मागच्या रांगेत कोणाचा सूर जरासा उतरला तरी नाव घेऊन सांगायचे.

त्या कानानंच घात केला.

२००९ साली पाचवीत गुलनाज नावाची पोरगी आली. वडील फकीर मोहम्मद गाद्या भरायचे, आई नूरबी त्या शिवायची. पोरीला गाण्याचं भारी वेड. पण आवाज भसाडा. मामांनी एकदाच ऐकला आणि नको म्हणाले.

ती रोज तालमीच्या वेळी दाराबाहेर येऊन बसायची. शेवटी मामांना दया आली.

"ये. शेवटच्या रांगेत, उजव्या टोकाले उभी राह्य. पण आवाज नाही काढायचा. नुसते ओठ हलवायचे. समजलं?"

"हाव सर."

तीन वर्षं तिनं ओठ हलवले.

ढालीसोबतच्या फोटोत ती आहे. हसते आहे. पोरीचं मन राखलं मी, असं मामा कौतुकानं सांगायचे.

आठवीत असताना ती डेंग्यूनं गेली. चार दिवसांत खेळ आटोपला.

मामा भेटायला गेले. नूरबी म्हणाली, "सर, कार्यक्रमात इतक्या पोराईतून मले तिचा आवाज ओळखूच नाही आला. घरी गा म्हनलं तं नुसते ओठ हलवे अन् हासे. मले वाटे, मस्करी करते. गान्यात कसा होता हो तिचा आवाज?"

"गोड होता," ते म्हणाले.

त्यानंतर बाजारात नूरबी दिसली की मामा दुसऱ्या गल्लीनं जायचे.

असं दशक निघून गेलं. आणि २०२२च्या दिवाळीपासून मामांचे कान जायला लागले. कोणाला सांगितलं नाही. ३१ जानेवारीला निवृत्ती होती. २६ जानेवारीचं गाणं शेवटचं. तेवढं निभलं की झालं, असं त्यांच्या मनात.

२४ तारखेला शाळेच्या हॉलमध्ये तालीम होती. पोरं रांगेत उभी. त्यांच्या शाळेतल्या रुपाली मॅडम सरांची आठवण म्हणून मोबाईलवर शूटिंग करत होत्या.

मामांनी पेटीची पट्टी दाबली...

काहीच नाही.

पुन्हा दाबली. बोटाखाली पट्टीची थरथर होती. सूर नव्हता.

तरी त्यांनी हात वर केला. एकतीस वर्षांची सवय.

पोरांनी तोंडं उघडली...

चाळीस तोंडं उघडत होती, मिटत होती. आवाज नाही. सगळीच पोरं नुसते ओठ हलवत होती.

आणि मग... मागून आवाज आला.

एकच. जाड. थोडा फाटलेला.

शेवटच्या रांगेतून. उजव्या टोकाकडून.

मामांनी तिकडे पाहिलं. तिथं कोणी नव्हतं. फक्त एका माणसापुरती जागा मोकळी होती. तिच्या शेजारच्या प्रतीक्षाला त्यांनी हातानं खूण केली, सरक तिकडे.

पोरगी सरकली नाही. घाबरून काहीतरी बोलली. मामांना ऐकू आलं नाही.

रुपाली मॅडमनी ऐकलं. प्रतीक्षा म्हणाली होती, "सर, तिथं जागा नाही."

मामांच्या डोळ्यांना धारा लागल्या. आवाज सुरात होता की बेसूर, त्यांना सांगता येईना. जुळवून पाहायला दुसरा आवाजच नव्हता.

"गा, गुलनाज," ते ओरडले. "मोकळ्या गळ्यानं गा, माय. मी चुकलो."

पोरं गप्प झाली. मामांचा हात मात्र हलत राहिला. शेवटच्या ओळीपर्यंत.

त्याच संध्याकाळी ते माझ्या दुकानात आले. त्यांच्या फोनमध्ये रुपाली मॅडमनी पाठवलेला तो व्हिडिओ होता.

"पोरं थांबल्यावर ऐक. येते का आवाज?"

मी फोन कानाला लावला. पोरं थांबतात. पुढं अकरा सेकंद नुसती घरघर. पंखा. बेअरिंग गेलेली. आमचं रोजचंच काम, लगेच कळतं.

पण मामांच्या तोंडाकडे पाहवेना.

"हाव मामा," मी मान डोलावून मोठ्यानं म्हणालो. "येते."

"मंग चाल बे, नूरबीकडे."

नूरबी दारातच गादीला टाके घालत होती. मामांनी फोन तिच्यापुढे धरला. तिनं सुई उशीत खोचली आणि फोन कानाशी नेला.

पोरांचं गाणं ती नुसती ऐकत होती. पोरं थांबली...

तिचा हात तोंडावर गेला.

मग ती मामांकडे पाहून काहीतरी बोलली. मामा माझ्याकडे वळले. "काय म्हने?"

मी त्यांच्या कानाशी तोंड नेऊन मोठ्यानं सांगितलं.

ती म्हणाली होती, "सर, तुमी तं गोड म्हनले होते. गोड कुठं हाय? भसाडा हाय. माह्या पोरीचाच हाय."

मामा मटकन तिथंच ओट्यावर बसले. सगळं सांगितलं, ओठांचंही. नूरबी रागावली नाही. तिनं व्हिडिओ पुन्हा लावला.

मी मनाशी म्हटलं, आई आहे. तिला पंख्यातही लेकरू ऐकू येणार.

२६ तारखेला मामा पोरांपुढे उभे राहिले नाहीत. आता त्यांना काहीच ऐकू येत नाही. तो आवाजही नाही. पाच वाजले की ढालीसोबतचा तो फोटो घेऊन बसतात.

इथवरच असतं, तर मी ही गोष्ट कोणाला सांगितली नसती.

पण मार्चमध्ये रुपाली मॅडम दुकानात आल्या. हॉलचा पंखा घेऊन. एकच पंखा आहे तिथं.

मी म्हटलं, "बेअरिंग गेली आहे ना? जानेवारीत ऐकली मी, व्हिडिओत."

"दादा, हा दिवाळीच्या आधीच जळला. तेव्हापासून बंदच आहे. अन् जानेवारीत पंखा लावते कोन?"

मी पंखा उघडला. आतल्या तारेचं वायंडिंग काळं ठिक्कर पडलेलं.

बेअरिंग मात्र... चांगली होती.

मामांकडून घेतलेला तो व्हिडिओ अजून माझ्या फोनमध्ये आहे. लावायची हिंमत होत नाही. भीती वाटते हे तर खरंच, पण त्याहून लाज वाटते. अकरा सेकंद ती पोर मोकळ्या गळ्यानं गात होती, आणि मी तिला बिघाड समजलो.