बॉनेटचं अस्तर

जानेवारीतल्या एका शनिवारी सकाळी सुधन्वा पाटणकर गाडीचं बॉनेट उघडून उन्हाची वाट बघत उभा होता. ऊन काही पडत नव्हतं. आर. के. पुरमच्या सरकारी क्वार्टर्सवर धुकं आणि धूर मिळून एक मळकट झाकण बसलं होतं, आणि त्या झाकणाखाली कॉलनीतली मंडळी माकडटोप्या घालून शेंगा सोलत बसली होती. सुधन्वाने त्यांच्याकडे एकदाच पाहिलं. त्याला तेवढं पुरेसं झालं.

सुधन्वा एका मंत्रालयात अवर सचिव होता. माणसांबद्दलचं त्याचं मत आधी तयार असायचं, भेट नंतर व्हायची. वरिष्ठ म्हणजे होयबा, हाताखालचे म्हणजे कामचुकार, शेजारी म्हणजे आगाऊ. आणि सिग्नलवर गाडीच्या काचेवर टकटक करणारे? त्यांच्याबद्दल मत बनवण्याचीही तसदी तो घेत नसे. पेनं विकणारा म्हातारा असो, कडेवर पोर घेतलेली बाई असो, सुधन्वा मान न वळवता उलट्या हाताने हवेत एक फटकारा मारायचा, माशी हाकलावी तसा. त्याची बायको रेवती मात्र काच खाली करायची. ‘बोलिए’ म्हणायची, पर्समधला बिस्किटाचा पुडा काढायची. ही सवय तिला शाळेत शिकवून शिकवून लागली असं त्याचं म्हणणं होतं, आणि शिक्षकांबद्दल त्याचं काय मत होतं ते वेगळं सांगायला नको.

गाडी डिझेलची, दुसऱ्या हाताची. जुन्या दिल्लीजवळ हिंदूरावला राहणाऱ्या गुणवंतराव नावाच्या म्हाताऱ्या गृहस्थांकडून त्याने ती दिवाळीनंतर घेतली होती. गुणवंतरावांचं घराणं पिढ्यानपिढ्या दिल्लीत, त्यामुळे त्यांचं मराठी हिंदीत पार विरघळून गेलेलं. सुधन्वा गाडी बघायला गेला तेव्हा मागची सीट जुन्या वर्तमानपत्रांच्या गठ्ठ्यांनी छतापर्यंत भरलेली होती. गाडी द्यायच्या दिवशी गुणवंतरावांनी ते गठ्ठे एकेक करून, थांबत थांबत उतरवले. कबाडी माणूस, असं मनात म्हणत सुधन्वाने किल्ली घेतली होती.

गाडी चांगली होती, पण आवाज ट्रॅक्टरचा. त्याने बॉनेट उघडून पाहिलं, तर आतल्या बाजूला आवाज दाबायला कंपनीचं नमद्याचं अस्तर असतं तेच गायब. उंदरांनी कुरतडलेलं नाही, जळलेलं नाही. कुणीतरी व्यवस्थित काढून घेतलेलं. त्याच्या प्लास्टिकच्या क्लिपा डॅशबोर्डच्या कप्प्यात पिशवीत घालून ठेवलेल्या सापडल्या.

“स्वतःच्या गाडीचा आवाज मुद्दाम वाढवणारा माणूस मी पहिल्यांदाच पाहिला,” तो रेवतीला म्हणाला.

“काही कारण असेल हो.”

“मूर्खपणाला कारण लागत नाही.”

तर त्या शनिवारी त्याने अस्तराचा घाट घातला होता. सामान ऑनलाइन मागवलेलं: डांबरासारख्या चिकट रबराच्या चांदी मढवलेल्या शीट, वरून त्या जुन्या क्लिपांनी बसवायला काळा फोम, दाबायला छोटा रोलर. आधी थिनरने पत्रा पुसला. थंडीमुळे शीट चिकटेना, म्हणून पहिल्या मजल्यावरच्या घरातून वायर ओढून रेवतीचा हेअर ड्रायर लावला. पत्रा गरम करायचा, शीट ठेवायची, रोलर फिरवायचा, खाली हवा राहू द्यायची नाही. तेवढ्यात वरच्या मजल्यावरचा उन्मेष चहाचा कप घेऊन खाली आला. हा नागपूरचा, रेल्वेत होता.

“पाटणकर साहेब, गॅरेजवाल्याकडून करून घ्या ना यार. बिल्कुल आरामात.”

“गॅरेजवाल्याला अक्कल असती तर त्याने गॅरेज काढलं नसतं.”

उन्मेष हसला. सुधन्वाने हसण्यासारखं काही सांगितलं नव्हतं. उन्मेषने कप संपवला आणि तो मुकाट्याने वर गेला.

दुपारपर्यंत काम झालं. गाडी सुरू केली आणि सुधन्वाला स्वतःचीच पाठ थोपटावीशी वाटली. इंजिनची नुसती कुजबुज उरली होती. बाहेरचं जग काचेपलीकडे मुकं झालं. त्याला जग असंच हवं होतं.

सोमवारी ऑफिसला जाताना मोतीबागेच्या सिग्नलला टकटक झाली.

टक... टक-टक.

डावीकडच्या मागच्या काचेवर, नखाने केल्यासारखी. सुधन्वाने न बघता हवेत हात झटकला. दिवा हिरवा झाला, गाडी निघाली, शांतिपथाला लागली. दोन्ही बाजूंना हिरवळ, दूतावासांच्या भिंती, पायी माणूस औषधाला नाही. गाडीने वेग घेतला.

टक... टक-टक.

त्याच काचेवर. त्याच सुरात. घाई नाही, राग नाही. दाराशी आलेल्या सभ्य माणसाने वाजवावं तसं. सुधन्वाने आरशात पाहिलं. मागे धुकं आणि रस्ता.

क्लिप सैल झाली, त्याने ठरवलं. संध्याकाळी त्याने सगळ्या क्लिपा दाबल्या, कडांना रबराची पट्टी लावली. मंगळवारी पुन्हा तेच. गाडी उभी असो की धावत असो, आवाज यायचा, थोडा वेळ थांबायचा, पुन्हा यायचा. कधीकधी त्याला वाटे, वाजवणारं कुणी उत्तराची वाट बघतंय. हा विचार इतका गावंढळ होता, की त्याला स्वतःचाच राग आला. तो राग काढायला त्याने गुणवंतरावांना फोन लावला.

“गाडीत दोष होता, तो तुम्ही लपवलात. काचा वाजतात.”

पलीकडून म्हाताऱ्याने उलट विचारलं.

“इंजिनचा आवाज... कमी केला काय तुम्ही?”

“अस्तर लावलं. तुम्ही काढून टाकलेलं.”

“अच्छा...” म्हातारा खोल श्वास घेऊन म्हणाला. “आणि मागे? मागे काय ठेवलंय?”

“काही नाही. माणसं बसतात तिथे. मी रद्दीचा व्यापारी नाही.”

“रिकामी नका ठेवू पाटणकरजी. मी तर सगळं भरून टाकलं होतं. जगहच नको ठेवायला. आणि बाहेरून वाजवतं ना, ते... ते काही करत नाही. फक्त विचारतं.”

“काय विचारतं?”

“मी काच नाही उघडली कधी. आवाज वाढवला, बस... तुम्ही पण नका उघडू.”

सुधन्वाने फोन बंद केला. असल्या माणसाशी जास्त बोलणंसुद्धा त्याला कमीपणाचं वाटलं. रात्री जेवताना त्याने म्हाताऱ्याची नक्कल करून ही हकिकत रेवतीला सांगितली. ती हसली नाही.

“काय विचारतं, ते शोधायला हवं होतं त्यांनी,” एवढंच म्हणाली.

“झालं. तू त्याच्याच पंक्तीला बस.”

रविवारी रेवतीच्या बहिणीकडे, संपदाकडे, नोएडाला संक्रांतीचं हळदीकुंकू होतं. दोघं जेवून निघाली. भर दुपारचे दिवे लावून गाड्या चालल्या होत्या. आश्रम चौकापर्यंत निदान समोरच्या गाडीचे लाल दिवे दिसत होते. गाडी नोएडाच्या डीएनडी पुलावर चढली आणि तेही धुक्याने गिळले. मग पुढे कुठेतरी कुणी कुणाला ठोकलं असावं, कारण सगळी रांग जागच्या जागी थांबली. खाली यमुना होती. दिसत नव्हती, पण तिचा तो साबणाच्या सडक्या पाण्याचा वास बंद काचांतूनही आत आला होता.

“मूर्ख,” सुधन्वा पुढच्या सगळ्या गाड्यांना उद्देशून म्हणाला.

टक... टक-टक.

रेवतीने मान वळवली. “अहो, कोणीतरी आहे.”

“कोणी नाही. क्लिप आहे.”

“क्लिप बॉनेटला आहे. हे मागे वाजलं.”

टक... टक-टक. या वेळी मागच्या काचेवर नाही. पुढे, रेवतीच्या काचेवर, तिच्या कानापासून वीतभर अंतरावर.

“या पुलावर पायी यायला मनाई आहे,” सुधन्वा म्हणाला. हे आपण कुणाला सांगतोय, ते त्यालाही कळलं नाही.

“म्हणून तर. अडकलं असेल कुणी बिचारं.” रेवतीचं बोट बटनावर गेलं.

“घे. सगळी यमुना घे आत.”

काच खाली गेली. थंडगार, ओल्या राखेसारखा वास आत आला. सुधन्वाने तिच्या खांद्यावरून पाहिलं. बाहेर पांढरं होतं, आणि त्यात काहीही नव्हतं. रेवती मात्र नेहमीसारखी काचेकडे झुकली, चेहऱ्यावर तेच तिचं सिग्नलवरचं हसू.

“हाँ जी, बोलिए.”

ती ऐकत होती. मान हलवत होती.

“नहीं... हम दोनों ही हैं.”

ती पुन्हा ऐकू लागली. अस्तराखालचं इंजिन कुजबुजत होतं.

“नहीं जी, पीछे तो कोई नहीं...”

आणि बोलता बोलता, खात्री करून घ्यावी तशी, ती मागे वळली.

सुधन्वाला फक्त तिचा चेहरा दिसला. हसू होतं तसंच राहिलं होतं, पण ते आता कुणासाठीच नव्हतं. ती किती वेळ बघत होती कुणास ठाऊक. मग रेवती हळूच पुन्हा काचेकडे वळली आणि आजारी माणसाच्या उशाशी बोलावं तशा आवाजात धुक्याला म्हणाली, “वो... उतरना नहीं चाहती.”

काच वर गेली.

“चला,” ती म्हणाली.

“रेवती... काय...”

“रांग हललीय. चला. मागे बघू नका. आरशातही नाही.” तिने हात वर करून आरसा छताकडे वळवला. तिचा हात थरथरत नव्हता, आणि त्याचीच सुधन्वाला जास्त भीती वाटली.

त्याने मनातल्या मनात ‘अंधश्रद्धा’ म्हणून पाहिलं, ‘बायकी खूळ’ म्हणून पाहिलं. रोज जिभेवर असलेले हे शब्द आज नुसते येऊन गेले, कुठे लागलेच नाहीत. टकटक थांबली होती. नोएडापर्यंत पुन्हा एकदाही आली नाही. बाहेर जे कोण होतं, त्याला उत्तर मिळालं होतं. आत मात्र सुधन्वाला कधी नव्हे ते बारीक आवाज ऐकू यायला लागले: रेवतीचा श्वास, आपला श्वास, आणि मागे सीटचं रेक्झिन, कुणीतरी सैलावून बसावं तसं करकरलेलं.

संपदाच्या सोसायटीत गाडी उभी केल्या केल्या रेवती उतरली. “मी परत मेट्रोने जाणार. तुम्हीही चला.”

“गाडी टाकून? लोक काय म्हणतील?”

ज्या लोकांना आयुष्यभर त्याने कस्पटासमान मानलं, त्यांच्या म्हणण्याची त्याला त्या घटकेलाही पडली होती. रेवतीने आपल्या बाजूचं दार लोटून दिलं.

“काय होतं मागे?” त्याने शेवटी विचारलं.

“तुमच्या मानेकडे बघत होती,” रेवती म्हणाली. यापलीकडे तिने कधी काही सांगितलं नाही.

हळदीकुंकवाच्या बायका वर जमत होत्या, आणि खाली पार्किंगमध्ये अवर सचिव पाटणकर संपदाची सुरी घेऊन बॉनेटमधून अस्तर खरवडत होता. रबर पत्र्याला जिवाच्या कराराने चिकटलेलं. नखं काळी झाली, एका बोटातून रक्त आलं. येणाऱ्या-जाणाऱ्या बायका थांबून बघत होत्या, आणि त्याच्या नजरेतली तुच्छता आज त्यांच्या नजरेत होती. त्याने मान वर केली नाही. शेवटचा तुकडा निघाला तेव्हा त्याने सगळं कचऱ्याच्या डब्यात कोंबलं आणि गाडी सुरू केली.

ट्रॅक्टरचा आवाज आला. इतका गोड आवाज त्याने आयुष्यात ऐकला नव्हता.

आरसा छताकडे तोंड करून, रेडिओ मोठ्याने लावून, काही ऐकू येणार नाही अशा बेताने तो पूल ओलांडून घरी आला. दिवेलागणीला त्याने घरातल्या सगळ्या रजया, जुनी गादी, बासनांत बांधलेले लोकरीचे कपडे खाली आणले आणि मागची सीट छतापर्यंत भरून टाकली. उन्मेष बाल्कनीतून बघत होता. “मदत करू का, साहेब?” त्याने विचारलं. सुधन्वा ‘हो’ म्हणाला. दोघांनी मिळून शेवटची गादी दाबून बसवली, दारं लावली. सुधन्वाने कुलूप दोनदा तपासलं आणि किल्ली पायजम्याच्या खिशात ठेवून झोपला.

सकाळी तो दूध आणायला खाली उतरला. धुकं तसंच होतं. गाडी होती तिथेच होती, दारं बंद, काचा वर. मागची सीट रिकामी होती. सगळ्या रजया, गादी, कपड्यांची बासनं पुढे आणून रेवतीच्या जागेवर रचलेली होती, घडीवर घडी, अगदी छतापर्यंत, दुसरं कुणी तिथे बसूच शकणार नाही अशी. ड्रायव्हरची जागा तेवढी मोकळी होती.

खिशात किल्ली होती. त्याने ती मुठीत घट्ट धरली आणि तोल सावरायला दुसरा हात बॉनेटवर टेकवला.

पत्रा गरम होता, आणि तळव्याखाली बारीक, एकसारखा थरथरत होता. इंजिन चालू होतं. आवाज मुळीच येत नव्हता.