मिठावरचं माप

दुधाच्या बाटलीचं तेच ते तिने पुन्हा सांगायला घेतलं, तेव्हा सासूबाईंनी हातच जोडले.

"अगं बाई, मीही एक वाढवलाय. हा काय, दारात उभा आहे. तुझ्या हाती दिला तेव्हा धड होता की नव्हता?"

"तेव्हा होतो," नवरा बुटांची नाडी बांधता बांधता म्हणाला.

बाळ सासूबाईंच्या खांद्यावर होतं, त्यांच्या शालीचं टोक मनापासून चोखत. सात महिन्यांचं पोर. त्याला सोडून ती आजवर कोपऱ्यावरच्या दुकानापलीकडे गेली नव्हती. ही सहलही तिने मागितली नव्हती. नवऱ्यानेच परस्पर ठरवली. "सकाळी जायचं, दिवेलागणीला परत. मिठाचं मैदान बघायला लोक कुठून कुठून येतात, आणि आपण उशाशी असून पाहिलं नाही," असं तो म्हणाला होता. खरं कारण दोघांनाही ठाऊक होतं. हल्ली ती घरात काम करता करता मध्येच थांबायची आणि एक हात हवेत धरून उभी राहायची. तळहात पालथा. कधी कमरेपाशी, कधी त्याच्या खाली, कुणाच्या तरी डोक्यावर ठेवल्यासारखा.

टिल्ली किती उंच होती, ते तिला आठवेनासं झालं होतं.

टिल्ली त्यांची थोरली. दोन वर्षांपूर्वी तापाचं निमित्त झालं आणि चार वर्षांचं ते पाखरू हातातून गेलं. तिची उंची स्वयंपाकघराच्या चौकटीवर होती, दर वाढदिवसाला पेन्सिलीची एक रेघ. बाळ घरी यायच्या आधी नवऱ्याने हौसेने घराला रंग लावून घेतला आणि रंगाऱ्याला तेवढी चौकट सोड म्हणून सांगायचं राहिलं. ती बाळाला घेऊन इस्पितळातून आली तेव्हा चौकट पांढरीशुभ्र होती. पुढे एकदा त्याने आपल्या पट्ट्यावर बोट ठेवलं आणि म्हणाला, "इथपर्यंत यायची." "नाही, खाली," ती म्हणाली. किती खाली, ते तिलाही सांगता येईना. चेहरा फोटोंत होता. आवाज मोबाइलमध्ये होता. पण भाजी चिरताना टिल्ली येऊन बिलगायची तेव्हा तिचं डोकं नेमकं कुठे लागायचं, हे कुठल्याच फोटोत नव्हतं. ते फक्त तिच्या हाताला माहीत होतं, आणि हात विसरत चालला होता.

सहलीची गाडी उंच चाकांची, दारं करकरणारी. वाटाड्या स्वतःच चालवत होता. पन्नाशीचा माणूस, ओठ उन्हाने फुटलेले, पण तोंडाची टकळी काही थांबत नव्हती. मागच्या सीटवर नव्यानेच लग्न झालेलं एक जोडपं होतं. त्यांचं भांडणसुद्धा अजून हसत हसत चालायचं. शेवटच्या वस्तीत चहा झाला, टायरची हवा कमी केली, आणि मग रस्ता संपला. आधी माती तपकिरी होती, मग करडी, मग तिच्यावर खपली धरू लागली, आणि बघता बघता खिडकीबाहेर पांढऱ्याशिवाय काही उरलंच नाही.

तापवून निवलेल्या दुधावर साय धरावी तसं मीठ पसरलं होतं. जवळून पाहिलं की त्याला तडे होते, आणि तड्यांचे काठ उचललेले. चाकांखाली ते करकर वाजत होतं. वारा होता, पण वाऱ्याने हलायला काही नव्हतं. ओठांवरून जीभ फिरवली तर खारट लागत होतं, आणि रडून झाल्यावर लागतं तसंच लागतंय, असं तिच्या मनात येऊन गेलं.

बरंच आत गेल्यावर वाटाड्याने गाडी थांबवली आणि मान वळवली.

"दोन गोष्टी सांगतो. गॉगल काढायचा नाही, डोळे जातील. आणि इथं कुणाचं माप काढायचं नाही."

"म्हणजे?" मागून नव्या नवऱ्याने विचारलं.

"म्हणजे लांब काही दिसलं, तर ते लहान आहे की मोठं आहे हे तोंडाने म्हणायचं नाही, हाताने दाखवायचं नाही. नजरेला इथं धरायला काय आहे सांगा? झाड नाही, खांब नाही. लांबचा ट्रक आणि पायाशी पडलेली काडेपेटी, दोन्ही सारखीच दिसतात. शेजारून गाडी गेली की मग म्हणायचं काय ते. आम्ही मिठावरची माणसं सगळी पाळतो."

"कुणाचं माप काढायचं नाही?" तिचा नवरा म्हणाला. "मग माझ्या आईला इथेच आणून ठेवायला हवं."

सगळे खदखदून हसले. तीही हसली, आणि आपण हसलो याचं तिला नवल वाटलं.

"पण काका, कुणी म्हटलंच तर?" नव्या नवरीने विचारलं.

"कशाला म्हणायचं पण, ताई?" वाटाड्या म्हणाला. तो अजून हसत होता, पण त्याने लगेच गाडी सुरू केली.

डबे खाऊन झाल्यावर फोटोंची गंमत सुरू झाली. इथे आलेला प्रत्येक जण तो फोटो काढतोच. एकाने जवळ उभं राहून हात पुढे करायचा, दुसऱ्याने मागे मागे चालत जायचं. वाटाड्या पोटावर आडवा होऊन बघत राहतो आणि "बस्स!" म्हणतो. फोटोत दूरचा माणूस जवळच्याच्या तळहातावर उभा राहतो. नव्या नवरीने नवऱ्याला असा हातावर घेतला.

"आता हा कायमचा माझ्या मुठीत!"

"कपडे कोण धुतं ते बघू की घरी गेल्यावर," तो लांबून ओरडला.

मग तिची पाळी आली. नवऱ्याने हात पुढे धरला. "चालत राहा, ताई," वाटाड्या म्हणाला. "मी हाक मारली की थांबा आणि वळा."

ती चालू लागली. पाठीमागचं हसणं आधी पातळ झालं, मग नुसती करकर उरली, तिच्याच पावलांची. दुपार कलली होती. बाळाच्या दुधाची वेळ. छाती भरून आली, आणि कुर्त्याला दोन ओले डाग पडले. कुणी रडत नसताना असं कधी होत नसे. तिने ओढणी ओढून घेतली आणि मान वर केली.

समोर कुणीतरी उभं होतं.

पांढऱ्यावर एक उभी रेघ. आधी तिला वाटलं, दुसऱ्या गाडीतलं कुणी लांबवर गेलं असेल. वाटाड्याचं आठवून तिने तोंडाने काही म्हटलं नाही. ती चालत राहिली. रेघ मोठी व्हायला हवी होती. होत नव्हती. चालून चालून पोटऱ्या भरल्या, तरी ती होती तेवढीच होती, करंगळीच्या नखाएवढी. फक्त स्पष्ट होत गेली. एका पायावर भार. दुसऱ्या पायाचा अंगठा जमिनीत रुतवलेला, टाच हलते आहे.

दुकानात गप्पा लांबल्या की टिल्ली अशी उभी राहायची.

तिला भीती वाटली नाही. वाटायला हवी होती, हे तिला कळत होतं. रेघ आता पायाशी होती, तरी तेवढीच. तिने गुडघे टेकले आणि तळहात तिच्यासमोर मिठावर उताणा ठेवला. हातावर वजन आलं नाही. ऊब आली.

"आई."

आवाज मात्र लहान नव्हता. नेहमीएवढा होता, नेहमीच्याच ठिकाणाहून, डाव्या बाजूने.

तिने डोळे गच्च मिटले आणि तशीच उठून उभी राहिली.

"राहा बरं जवळ," ती म्हणाली. "अशी नीट. पाय जुळवून."

मिटल्या डोळ्यांनी तिने हात हळूहळू खाली नेला. कमरेच्या खाली. आणखी खाली. मांडी सुरू होते तिथे तळहाताला केस लागले. उन्हाने तापलेले, मिठाने खरखरीत झालेले. त्यांच्याखाली तो लहानसा भोवरा, ज्यामुळे भांग कधी सरळ पडलाच नाही.

"इथे," ती म्हणाली. "इथे येतेस होय गं तू. इतकी खाली."

"आई, आपल्याकडे बाळ आलंय ना?"

"आलंय."

"केवढं आहे?"

लेकराने असं विचारल्यावर कुठली आई विचार करून उत्तर देते? तिने दुसरा हात वर केला, अंगठा आणि बोट जुळवलं, आणि हसून म्हणाली, "एवढंस्सं!"

टिल्ली खुदकन हसली. मग खेळातला खोटा लाडू मागावा तसं म्हणाली, "दे ना मला."

आणि खोटा लाडू द्यावा तशी तिने चिमूट पुढे केली. गार, इवल्या बोटांनी तिच्या बोटांतून काहीतरी अलगद काढून घेतलं.

गाडीचा भोंगा वाजला.

तिने डोळे उघडले. पांढरं. सगळीकडे पांढरं.

नवरा धावत येत होता, छाती फुटेस्तोवर. "हाका मारून घसा बसला माझा! ऐकू येत नाही का?"

"नाही आलं."

परतीच्या वाटेवर वाटाड्या आरशातून तिच्याकडे बघे आणि पुन्हा समोर बघे. नवऱ्याने फोटो दाखवला. त्याच्या तळहातावर ती उभी होती, त्याच्याकडे पाठ करून, आणि तिचा डावा हात मांडीशी पालथा धरलेला होता. नवरा त्या हाताकडे बघत राहिला. मग त्याने आपल्या मांडीवर हात ठेवला, खाली, अगदी नेमका.

"इथे?"

"इथे."

त्याचा चेहरा वेडावाकडा झाला. "ती चौकट," तो म्हणाला, "मला सांगायचं सुचलंच नाही गं रंगाऱ्याला." टिल्ली गेल्यापासून तो तिच्यासमोर रडला नव्हता. मागच्या जोडप्याने तोंडं खिडकीकडे वळवली. तिने त्याचं डोकं ओढून खांद्याशी घेतलं. इतक्या दिवसांत पहिल्यांदाच तिने मोकळा श्वास घेतला. हात आता विसरणार नव्हता.

शहराचे दिवे दिसायला लागले तेव्हा तिच्या लक्षात आलं की कुर्त्यावरचे डाग वाळून कडक झालेत. एव्हाना छाती दगडासारखी व्हायला हवी होती. तिने ओढणीखालून हात नेऊन पाहिलं. मऊ होती. रिकामी, पाजून झाल्यावर असते तशी.

"जरा लवकर चला ना," ती वाटाड्याला म्हणाली.

"चालवतोय, ताई," तो आरशात न बघता म्हणाला.

गाडीने त्यांना गल्लीच्या तोंडाशी सोडलं. घर दुसऱ्या टोकाला. दिवे नुकतेच लागले होते आणि सासूबाई बाळाला घेऊन पायरीवर येऊन उभ्या होत्या. इतक्या लांबून त्या अंगठ्याएवढ्या दिसत होत्या, आणि त्यांच्या हातातलं बाळ तांदळाच्या दाण्याएवढं.

ती झपझप चालू लागली. नवरा मागे पडला. सासूबाई मोठ्या होत गेल्या. निळी शाल दिसली, मग शालीची किनार, मग चष्मा, चष्म्यामागचे डोळे.

"आलात का! शहाण्यासारखा राहिला हो," सासूबाई लांबूनच सांगू लागल्या. "दुपारी तेवढा एकदा दचकून रडला. मग जो गप्प झाला तो झालाच. पण तेव्हापासून हाताला कसा हलका लागतोय गं. घे बघू."

ती धावली. शेवटचं घर, फाटक, पायरी.

सासूबाईंनी दोन्ही हातांची ओंजळ पुढे केली.

ती पायरीला टेकली होती. आणखी जवळ जायला जागाच नव्हती. बाळ मात्र गल्लीच्या तोंडापासून दिसलं तेवढंच होतं.

तेवढ्यातूनही त्याने तिला ओळखलं, आणि उचलून घे म्हणून दोन्ही हात पसरले.