आदोमाकोचा पहारा

"नाना, ठेवा गेला! गोऱ्यांनी नेला!"

जंगलाकाठच्या शेतात आदोमाको धापा टाकत कोसळला. नाना ओचेरे ताडकन उठले, सवयीने आपलं स्टूल कुडाशी आडवं केलं आणि निघाले. राजमातेच्या वतीने भर दरबारात बोलणारा हा माणूस. पण आज ते काट्याकुट्यांतून धावत सुटले. इंग्रजांची पलटण राजधानी कुमासीत घुसण्याआधी राजाच्या सोन्याच्या तलवारी आणि दागिने नानांनीच जंगलातल्या झोपडीत हलवले होते. पलटण अजून गावोगाव ते शोधत होती. तेही गेले तर असांते राज्याचं उरलं काय? जागा राजमाता, नाना आणि पहारेकरी आदोमाको, एवढ्यांनाच ठाऊक होती.

झोपडीत मडकी फुटलेली. ठेव्याच्या पितळी पेट्या गायब. आदोमाकोचं एकुलतं एक स्टूल भिंतीशी नीट आडवं ठेवलेलं. आसपास माणसाची चाहूल नाही. इथे एकट्याने पावसाळे काढायचे? नानांच्या मनात आलं.

"तू कुठे होतास?"

"ओढ्यावर. आलो तर शिपाई आत. झाडाआडून पाहिलं."

"काय करत होते?"

"मडकी फोडत होते. साहेब माझ्या स्टुलावर ऐसपैस बसलेला, बापाचं घर असल्यासारखा!"

"मग?"

"पेट्या उचलून गेले. मी तसाच तुमच्याकडे पळालो."

"आत डोकावलास?"

"पाऊलसुद्धा टाकलं नाही, नाना."

"मग स्टूल आडवं कुणी केलं?"

आदोमाकोने स्टुलाकडे पाहिलं.

"रिकामं स्टूल उभं राहिलं तर भटका आत्मा येऊन बसतो, हे आपल्यात पोरंसोरंही जाणतात. गोऱ्याला त्याचं काय? तो उठतो नि चालू लागतो. शिपाई आलेच नाहीत. मडकी तूच फोडलीस, आणि निघताना हात आपसूक स्टुलाकडे गेला. पेट्या कुठायत?"

"ओढ्याकाठी पुरल्यात. सोन्याला हात लावला नाही, शपथ!" तो रडू लागला. "ठेवा गेला की पहारा संपला. घरी जायचं होतं हो. बायकोशी, आफ्रियीशी बोलायचं होतं. इथे मी माकडांशी भांडतो, नाना!"

चोर सापडला होता, सोनं सुखरूप होतं, आणि नानांना तिथून पळून जावंसं वाटत होतं. पण सांगणं भाग होतं.

"घरी जाता येणार नाही, बाबा. तुझा माग कुणी काढू नये म्हणून राजमातेने तू मेल्याचं जाहीर केलं. अंत्यविधी झाले. आफ्रियीने दुसरा घरोबा केला."

मग डोळे पुसत त्याने विचारलं, "माझ्या अंत्यविधीला माणसं किती आली होती?"

"सगळं गाव."

"ढोल?"

"दिवसभर. थोरामोठ्यांसाठी वाजतात तसे."

आदोमाकोने मान डोलावली आणि पेट्या उकरून झोपडीत परत आणायला तो ओढ्याकडे चालू लागला.